‘हे वाचतं कोण?’

(वर्गणीदार मैत्रिणींच्या मेळाव्यात केलेलं भाषण)

मैत्रिणींनो,

अंकावर पत्ते चिकटवताना आपल्यात एक प्रश्न हमखास निघतो, ‘हे वाचतं कोण?’ मागच्या वेळी तो मीच विचारला. कंटाळले होते. म्हणून आज आयर्लंडमधल्या एका छोट्या पेपरची हकीकत सांगते.

इंग्रजांच्या राज्यात आयर्लंडचं लोकमत घडवण्यात वर्तमानपत्रांचा वाटा मोठा होता. डब्लिनच्या ‘द नेशन’मध्ये बायकाही लिहीत, पण टोपणनावानं. १८४८ साली जेन एल्जी, म्हणजे ऑस्कर वाइल्डची आई, हिनं त्यात बंडाची हाक देणारा लेख लिहिला. त्यावर सही नव्हती. ठपका आला तो संपादकावर.

१९०८ मध्ये हॅना शीही स्केफिंग्टन आणि मार्गारेट कझिन्स यांनी मताधिकारासाठी ‘आयरिश विमेन्स फ्रँचाइज लीग’ काढली. पुढारी म्हणत, आधी होमरूल, मग बायकांचं बघू. मार्च १९१२ मध्ये स्त्रियांच्या मताधिकाराचं बिल पार्लमेंटात पडलं. ते पाडण्यात आयरिश पक्षाच्या खासदारांचा हात होता. ओळखीचं वाटतं ना?

तेव्हा बायकांना कळलं की आपला पेपर हवा. २५ मे १९१२ ला ‘आयरिश सिटिझन’ हे साप्ताहिक निघालं. संपादक होते या दोघींचे नवरे, फ्रान्सिस आणि जेम्स. हसू नका, फ्रान्सिसनं लग्नानंतर बायकोचं आडनाव आपल्या आडनावाला जोडलं होतं!

मला या पेपरचं सर्वांत मोलाचं वाटतं ते कोर्टाचं काम. लीगच्या बायका कोर्टात जाऊन बसू लागल्या. बायकोला मारहाण, लहान मुलींवर अत्याचार असे खटले निघाले की बायकांना बाहेर जायला सांगत. न्यायाधीश पुरुष, वकील पुरुष, ज्यूरी पुरुष, आणि जिच्यावर बेतलं ती एकटी. या बायका हटल्या नाहीत. कायदा शिकलेल्या मॅरियन डुगन यांनी काय घडलं, शिक्षा किती हलकी झाली, ते लिहून काढलं. ज्यूरीत आणि पोलिसांत बायका हव्यात, ही मागणी पेपरनं लावून धरली.

किंमतही मोजावी लागली. १९१२ मध्ये सरकारी इमारतींच्या काचा फोडल्या म्हणून हॅना तुरुंगात गेल्या, शिक्षिकेची नोकरी गेली. १९१६ च्या उठावात युद्धविरोधी फ्रान्सिसला एका ब्रिटिश अधिकाऱ्यानं खटला न चालवता गोळ्या घालायला लावल्या. पेपर मासिक झाला, पण चालू राहिला. १९२० मध्ये सरकारी फौजेनं छापखाना मोडला आणि तो बंद पडला.

मग सगळं वाया गेलं का? १९२२ मध्ये नव्या आयरिश राज्यात २१ वर्षांवरच्या सर्व बायकांना मत मिळालं. ज्यूरीतून मात्र १९२७ च्या कायद्यानं त्यांना जवळजवळ बाहेरच काढलं. पुढे १९७० च्या दशकात नेल मॅककॅफर्टी डब्लिनच्या कोर्टात बसून ‘आयरिश टाइम्स’मध्ये सदर लिहू लागल्या. १९७५ मध्ये स्त्रीमुक्ती चळवळीतल्या दोघींनी लढलेल्या खटल्यात ज्यूरीचा तो कायदा घटनाबाह्य ठरला. पेपर बंद पडून तेव्हा ५५ वर्षं झाली होती!

मार्गारेट कझिन्स १९१५ मध्ये भारतात आल्या. ज्या अखिल भारतीय महिला परिषदेसाठी त्यांनी देशभर पत्रं लिहिली, तिचं पहिलं अधिवेशन जानेवारी १९२७ मध्ये आपल्या पुण्यात भरलं. म्हणजे ही गोष्ट तशी परकी नाही.

लोकमत आयतं मिळत नाही. कोणीतरी जाऊन बसावं लागतं, ऐकावं लागतं, लिहावं लागतं. तेव्हा माझी सूचना अशी, पुढच्या अंकापासून आपणही ‘कोर्टातून’ असं एक पान सुरू करू. महिन्यातून दोन मंगळवार मी जाईन. बाकीच्या दोन मंगळवारांसाठी कोण नाव देतंय?