मित्रढेकूण आणि शत्रुढेकूण

डिसेंबर उजाडला की बेंगळुरूच्या भाजीबाजारात अवरेकाईचे ढीग लागतात. महाराष्ट्रात ज्याला वाल किंवा पावटा म्हणतात, त्याच कडधान्याच्या या शेंगा होत. थंडीच्या दिवसांत त्यांच्या सालीला तेलकट, सुवासिक लेप येतो. कानडी माणूस त्याला ‘सोगडू’ म्हणतो आणि शेंग हाती घेऊन आधी तिचा वास पाहतो. परंतु याच शेंगेवर दुसराही एक वास वस्तीला असतो. शेंग खुडताना एखादा हिरवा किडा बोटाखाली आला, तर त्याचा उग्र दर्प हाताला चिकटून राहतो. हा किडा म्हणजे दुर्गंधी ढेकूण. अंथरुणातील ढेकणाशी त्याचे नाते दूरचे आहे. पण दोघांच्याही वाट्याला माणसाचा तिरस्कार सारखाच आला आहे.

या शहराच्या दक्षिण टोकाला, होसूर रस्त्यावर, इलेक्ट्रॉनिक सिटी वसली आहे. आर. के. बाळिगा यांच्या कल्पनेनुसार कर्नाटकाच्या इलेक्ट्रॉनिक्स विकास महामंडळाने, म्हणजे ‘केऑनिक्स’ने, १९७८ साली कोनप्पन अग्रहार आणि दोड्डतोगूर या गावांच्या सुमारे ३३२ एकर जमिनीवर ही उद्योगनगरी स्थापन केली. नाचणीचे मुख्य पीक आणि त्यात अवरेच्या ओळी, ही या पठारावरील जुनी शेती. आज तेथे गणकयंत्रांच्या कचेऱ्या आणि उंच इमारती उभ्या आहेत, आणि त्यांत पुण्या-नागपुराकडून आलेली मराठी कुटुंबेही राहतात. नाचणीची शेते मागे हटली. किडे मात्र हटले नाहीत. सज्जातील कुंडीत टोमॅटो लावला, कठड्यावर वालाचा वेल चढविला, की पाहुणा हजर होतो. गृहस्थाला पानावर ढालीच्या आकाराचा एक किडा दिसतो; त्याला तो शत्रू वाटतो, आणि हात औषधाच्या पिचकारीकडे जातो. त्या क्षणी एक प्रश्न विचारावयास हवा : हा ढेकूण नेमका कोणता?

पाठीवर मोठा त्रिकोणी पत्रा आणि पाच पेरांच्या मिशा असलेल्या या कुळात जगभर साडेचार हजारांहून अधिक जाती आहेत. त्यांतील बहुसंख्य झाडांचा रस शोषून जगतात. परंतु सुमारे ३०० जातींची एक शाखा अशी आहे, की तिने शाकाहार जवळजवळ सोडून दिला आहे. या शाखेतील ढेकूण अळ्यांची शिकार करतात. म्हणजे एकाच घराण्यात पीक लुटणारे आणि पिकाची राखण करणारे, असे दोन्ही प्रकार नांदत आहेत. आणि दोघांचा पोशाख बराचसा सारखा आहे.

पहिल्या प्रकारचा सर्वांत परिचित प्रतिनिधी म्हणजे हिरवा ढेकूण. शास्त्रात त्याला ‘नेझारा विरिड्युला’ म्हणतात. लिनियसने १७५८ साली त्याचे वर्णन केले. हा कोवळ्या शेंगेत सोंड खुपसून आतील दाण्याचा रस ओढतो. दाणा सुरकुततो, डागाळतो, कधी पोकळच राहतो. दुसऱ्या प्रकारातील आपल्याकडचा ठळक प्रतिनिधी ‘इओकँथेकोना फर्सेलाटा’ हा होय. १८११ साली वुल्फ या जर्मन अभ्यासकाने त्याला हे जातिनाम दिले. ‘फर्सेलाटा’ म्हणजे दुबेळके असलेला. कारण त्याच्या दोन्ही खांद्यांवरील काट्यांना टोकाशी दोन फाटे असतात. लष्करी अळी, घाटे अळी, केसाळ अळ्या, हे त्याचे भक्ष्य. मक्यावरील अमेरिकन लष्करी अळी २०१८ साली भारतात प्रथम कर्नाटकात आढळली. पुढे तिच्यावरही हा ढेकूण तुटून पडताना दिसला.

मग दोघांना ओळखावे कसे? वासावरून ओळखता येत नाही, कारण दर्प दोघांनाही आहे. तो त्यांच्या संरक्षणाचा उपाय आहे. गंमत अशी, की या दर्पातील काही द्रव्ये कोथिंबिरीच्या वासातही सापडतात; आवडीची गोष्ट आणि किळसवाणी गोष्ट यांत अंतर थोडेच असते. रंगावरूनही निर्णय करता येत नाही. मित्रढेकूण तपकिरी असतो खरा, पण झाडांचा रस पिणारे तपकिरी ढेकूणही पुष्कळ आहेत. खांद्यावरील काटे ही खूण उपयोगी आहे. तथापि तीही पुरेशी नाही, कारण काही शाकाहारी जातींनाही तसे काटे असतात.

खरी परीक्षा सोंडेवरून होते. किडा काचेच्या बरणीत घ्यावा आणि बरणी उचलून खालच्या बाजूने पाहावे. रस पिणाऱ्याची सोंड बारीक, मिशीइतकीच जाड असते. तिचे मूळ डोक्याखालील दोन उंचवट्यांच्या खाचेत दडलेले असते. शिकाऱ्याची सोंड मात्र बुडाशी दणकट, मिशीच्या दुपटीहून जाड असते, आणि तिचे पहिले पेर मोकळे असते. त्यामुळे ती भाल्यासारखी सरळ पुढे रोखता येते. तो अळीजवळ सावकाश जातो, सोंड पुढे करतो, टोचतो आणि आपली लाळ आत सोडतो. अळी लुळी पडते आणि तिचे अंतरंग पातळ होते. मग सोंडेच्या टोकाला लोंबकळणारे ते भक्ष्य तो स्वस्थपणे शोषून घेतो. अळी त्याच्याहून मोठी असली तरी त्याला पर्वा नसते.

अंडी आणि पिले यांतही भेद आहे. हिरव्या ढेकणाची फिकट पिवळसर, पिंपाच्या आकाराची अंडी पानाच्या मागे दाट मांडलेली असतात. उबण्याच्या सुमारास ती तांबूस होतात. मित्रढेकणाची अंडी काळसर, चकचकीत असतात आणि प्रत्येकाच्या तोंडाभोवती बारीक केसांचे कडे असते. त्याची पिले काळ्या डोक्याची आणि लाल पोटाची असतात. हिरव्या ढेकणाच्या पिलांच्या पाठीवर पांढऱ्या ठिपक्यांची नक्षी दिसते. मात्र येथे एक सावधगिरी हवी. अंड्यातून नुकतीच निघालेली शिकाऱ्याची पिले शिकार करीत नाहीत. ती एकत्र बसतात आणि केवळ पाणी किंवा थोडा वनस्पतिरस घेतात. लाल पिलांचा असा घोळका पाहून अनेकजण घाबरतात आणि पुढच्या आठवड्याच्या राखणदारांना आजच मारून टाकतात.

पिचकारीचे औषध असा भेद जाणत नाही. सुक्याबरोबर ओलेही जळते, तसा शत्रूबरोबर मित्रही मरतो. आणि हा तोटा समान नसतो. अळ्यांच्या मानाने शिकारी थोडे असतात आणि भक्ष्य मिळाल्यावाचून वाढत नाहीत; म्हणून फवारणीनंतर अळ्या लवकर परततात, राखणदार मागाहून येतात. कुंडीतल्या चार वेलांसाठी तर औषधाची गरजच नसते. पहाटेच्या थारवट हवेत हिरवा ढेकूण सुस्त असतो. त्याला साबणाच्या पाण्यात पाडावे, अंड्यांचे पान खुडावे, एवढ्याने भागते.

ही ओळख पटविण्याचे शास्त्र बेंगळुरूला परके नाही. इलेक्ट्रॉनिक सिटी शहराच्या दक्षिणेला, तर उत्तरेला हेब्बाळ. तेथे राष्ट्रीय कृषी कीटक संसाधन संस्थान आहे. १९५७ साली याच शहरात राष्ट्रकुलाच्या जैविक नियंत्रण संस्थेचे भारतीय केंद्र सुरू झाले आणि त्या परंपरेतूनच पुढे हे काम वाढत गेले. संस्थानाचे आजचे नाव २०१४ सालचे. त्याहीपूर्वी, १९०२ साली, डिस्टंट या इंग्रज शास्त्रज्ञाने हिंदुस्थानातील या कुळाची ग्रंथरूपाने मांडणी केली होती. शतकाहून अधिक काळ माणसे काट्यांची आणि सोंडांची मापे घेत आली, ती केवळ नावे ठेवण्यासाठी नव्हे. कोणाला मारावे आणि कोणाला वाचवावे, हा निर्णय त्या मापांवर उभा असतो.

तथापि मित्र आणि शत्रू हे शब्द कीटकाच्या अंगावर लिहिलेले नसतात. याची साक्ष महाराष्ट्रातच मिळते. कर्नाटकात रेशमाचा तुतीवरचा किडा घरात, छपराखाली वाढतो. म्हणून शिकारी ढेकणाशी त्याची गाठ सहसा पडत नाही. गडचिरोली-भंडाऱ्याकडे मात्र टसर रेशमाचा किडा ऐन आणि अर्जुन यांच्या झाडांवर उघड्या रानात वाढतो. ढीवर समाजातील कुटुंबे हे कोशाचे पीक पिढ्यान्‌पिढ्या घेत आली आहेत. तेथे हाच दुबेळक्या खांद्यांचा ढेकूण टसरच्या अळीला सोंड टोचतो आणि कुटुंबाची कमाई झाडावरच लोंबकळत राहते. त्या रानातील माणूस या किड्याला वेचून मारतो, आणि त्याचेही खरेच आहे. ढेकूण दोन्हीकडे तोच; त्याला लष्करी अळी आणि रेशमाची अळी यांत भेद दिसत नाही. भेद आहे तो माणसाच्या ताटाचा आणि त्याच्या पोटापाण्याचा.

म्हणून वासावरून, रंगावरून किंवा नावावरून निवाडा करू नये. किडा कोणता, तो काय खातो, आणि ज्याचे खातो ते कोणाच्या उपजीविकेचे आहे, या तीन प्रश्नांची उत्तरे मिळेपर्यंत पिचकारी खाली राहिली पाहिजे. त्यासाठी लागते एक काचेची बरणी आणि घटकाभराचा धीर. सज्जातील वेलावर बसलेला तो तपकिरी किडा तेवढ्या वेळात एखादी अळी संपवूनही टाकील, आणि शेंगेचा सोगडू घरच्यांसाठी शिल्लक राहील.