निसटता धक्का



फ्रिट्झ लायबर या अमेरिकी लेखकाची १९५८ सालची एक विज्ञानकथा आहे. तिच्या नायकाला त्याच्याच बायकोनं गोळी घातलेली असते, दोन भुवयांच्या बरोबर मध्ये. काळात मागं जाण्याची सोय हाती लागताच हा गृहस्थ स्वतःचं मरण टाळायच्या खटपटीला लागतो. पिस्तुलातल्या गोळ्यासुद्धा काढून घेतो. पण काही उपयोग होत नाही. शेवटी गोळीएवढी एक उल्का आभाळातून येते आणि नेमक्या त्याच जागी भोक पाडते! लायबरनं याला नियमाचं रूप दिलं. ऊर्जा अक्षय्य, तसं वास्तवही अक्षय्य. तुम्ही कितीही ढवळा, ते कमीत कमी बदल करून पुन्हा मूळपदावर येतं.

असा नियम कथाकारांना लागतो, कारण त्याच्याशिवाय आजोबांचा पेच सुटत नाही. नातवानं मागं जाऊन लग्नाआधीच आजोबांना मारलं, तर नातू जन्मणारच नाही. मग मारलं कुणी? रने बार्जाव्हेल या फ्रेंच लेखकानं १९४४च्या कादंबरीत असाच पेच मांडला. त्याआधी अमेरिकी मासिकांतही तो पुष्कळ चघळून झाला होता. स्टीफन किंगच्या २०११च्या कादंबरीत नायक केनेडींची हत्या रोखायला निघतो, तेव्हा भूतकाळ अडून बसतो. कधी पोट बिघडतं, कधी गाडी बंद पडते.

वाचायला मजा येते, पण मला ती उल्का पटत नाही. मेला कोण, कुठं, कसा, याची नोंद विश्वानं ठेवायची आणि हिशेब चुकला की आभाळातून दगड टाकायचा, हे जरा अतीच झालं.

यापेक्षा चोख काम आपल्या महाभारताच्या आदिपर्वात आहे. सातव्या दिवशी तक्षक नाग दंश करील असा शाप राजा परीक्षिताला मिळाला आहे. म्हणजे भविष्याची बातमी आधीच हाती आली. राजा एकाच खांबावर महाल बांधतो, वैद्य आणि मंत्रवेत्ते जमवतो. विष उतरवणारा काश्यप वाटेवर निघालेलाच असतो. तक्षक त्याला गाठतो आणि आपल्या विषानं एक वड जाळून दाखवतो. काश्यप राखेतून तो वड पुन्हा उभा करतो! पण तो मुळात निघालाय धनासाठी, आणि राजाचं आयुष्य सरल्याचंही त्याला दिसतं. तेव्हा तक्षकाकडून धन घेऊन तो परत फिरतो. इकडे सातवा दिवस मावळायला आलेला. तापसांच्या वेषातल्या नागांनी आणून दिलेल्या फळात राजाला एक बारीक किडा दिसतो, तांबूस, काळ्या डोळ्यांचा. आता भीती सरली, असं राजाला वाटतं. ऋषीचं वचन खोटं पडू नये म्हणून, तेवढ्यापुरतं, हा किडाच चावू दे, असं म्हणत तो हसत हसत त्याला स्वतःच्या मानेवर ठेवतो. तो किडा म्हणजे तक्षक.

इथं आकाशातून काही पडत नाही. वैद्याचा लोभ, राजाची सुटकेची थट्टा, एवढा माल पुरतो, आणि तो सगळा गोष्टीच्या आतलाच. काळाच्या स्वयंदुरुस्तीची कुठलीही कल्पना मी या कसोटीला लावून पाहतो.

भौतिकशास्त्रातली कल्पना या कसोटीला बरीच उतरते. १९४९ साली व्हीलर आणि फाइनमन यांनी भविष्याकडून मागं येणाऱ्या लहरीही खऱ्या मानून विद्युतगतिकी मांडली. (याच सिद्धांतावर पुढं १९६०च्या दशकात हॉइल यांच्याबरोबर आपल्या जयंत नारळीकरांनी काम केलं.) त्यात पेच आलाच. एक गोळा आदळला की त्याचा परिणाम मागच्या काळात जाऊन गोळ्याच्याच वाटेतली झडप बंद करतो. झडप बंद, तर गोळा आदळणार कसा? त्यांचं उत्तर असं की झडप अर्धवटच सरकते, गोळा तिला चाटून जातो, धक्का हलका बसतो, आणि हलका बसला म्हणूनच झडप अर्धवट सरकलेली असते.

पुढं किप थॉर्न यांनी कृमिविवरांतून (वर्महोलमधून) कालप्रवासाचा विचार सुरू केला, तेव्हा जोसेफ पोल्चिन्स्की यांनी चेंडूचा पेच घातला. विवरात शिरलेला चेंडू थोडा आधीच दुसऱ्या तोंडातून बाहेर येतो आणि स्वतःलाच असा ठोकतो की तो विवरात जाऊच नये. १९९१ साली थॉर्न आणि सहकाऱ्यांनी गणित केलं. कॅरममध्ये स्ट्रायकरनं सोंगटीला बारीक कट मारावा तसा बाहेर आलेला चेंडू आधीच्या चेंडूला निसटता लागतो. त्यामुळे तो किंचित तिरपा आत शिरतो, आणि तिरपा शिरला म्हणूनच बाहेर आल्यावर टक्कर निसटती होते. इगोर नोविकोव्ह यांचं सुसंगतीचं तत्त्व हेच सांगतं. इथं आधी बिघाड आणि मग दुरुस्ती असं काही घडतच नाही. घटना एकदाच घडते, प्रवाशाच्या लुडबुडीसकट.

गंमत पुढेच आहे. एकही सुसंगत मार्ग सापडणार नाही ही भीती होती, प्रत्यक्षात सापडले अगणित. तोच चेंडू, तोच वेग, आणि पुढं घडू शकेल असं वाट्टेल तेवढं. त्यातलं कोणतं घडणार, हे न्यूटनचे नियम सांगत नाहीत. हॉकिंग यांनी १९९२ साली मांडलेल्या अटकळीप्रमाणे, निसर्ग कालप्रवासाचं यंत्र बनूच देत नाही. डेव्हिड डॉइच यांच्या मते जगाला शाखा फुटतात. आजोबा मरतात, पण दुसऱ्या शाखेतल्या जगात.

शाखांचं जग मराठी वाचकाला नवं नाही. नारळीकरांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेत विश्वासरावांना गोळी लागत नाही आणि १७६१चं युद्ध मराठे जिंकतात. तिथला काळ काहीच दुरुस्त करत नाही, नुसता वेगळ्या वाटेनं जातो. त्या जगात सभांमधून अध्यक्षही हद्दपार झालेले असतात. आपल्या जगातून तिथं पोचून अध्यक्षाच्या रिकाम्या खुर्चीत जाऊन बसलेल्या गंगाधरपंतांवर श्रोते हाताला लागेल ते फेकतात. आपल्या शाखेत अध्यक्षीय समारोप अजून व्हायचा आहे, तेव्हा मी थांबतो.