मणि कौल यांचा सिनेमा



आज ऐकूया एका वेगळ्या दिग्दर्शकाविषयी.
त्यांचं नाव, मणि कौल.

जन्म जोधपूरचा.
शिक्षण पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये.
तिथे गुरू लाभले ऋत्विक घटक.

मणि कौल यांना गोष्टीपेक्षा वेळ महत्त्वाचा वाटे.
पडद्यावर जाणारा वेळ.

त्यांचा पहिला कथाचित्रपट, 'उसकी रोटी'.
मोहन राकेश यांच्या कथेवरचा.
पंजाबातली एक बाई, बालो, नवऱ्यासाठी भाकरी घेऊन रस्त्यावर उभी आहे.
नवरा बस चालवतो.
ती वाट पाहते.
आणि आपणही तिच्यासोबत वाट पाहतो.

अनेकांना हे फार संथ वाटलं.
मला तर तीच त्या चित्रपटाची खरी ताकद वाटते.

मग 1973 साली आला 'दुविधा'.
विजयदान देथांची राजस्थानी कथा.
नववधूच्या प्रेमात पडलेलं भूत.
चित्रकार अकबर पदमसी यांनी या चित्रपटाला पैशांची मदत केली.
त्यात मधूनच चित्र थांबतं.
स्थिर छायाचित्र होतं.
आवाज मात्र चालू राहतो.

आणि आपल्या मराठीशीही त्यांचं नातं आहे बरं का!
विजय तेंडुलकरांच्या 'घाशीराम कोतवाल' या नाटकावर 1976 साली चित्रपट झाला.
तो काही तरुणांनी सहकारी तत्त्वावर, एकत्र येऊन केला.
त्यांत मणि कौलही होते.

पुढे ते झिया मोहिउद्दीन डागर यांच्याकडे ध्रुपद संगीत शिकले.
'ध्रुपद' नावाचा माहितीपटही केला.
आलापात स्वर सावकाश उलगडतो.
त्यांची दृश्यंही तशीच उलगडतात.
म्हणून पुन्हा सांगते, त्यांच्या सिनेमात गोष्टीआधी वेळ येतो.

'उसकी रोटी' पाहायचा असेल, तर घाई नसलेली संध्याकाळ निवडा.