वाटाण्याचा सिनेमा
(वैजापूर येथील व्याख्यानमालेत दिलेले व्याख्यान)



पत्रिकेवर विषय छापलाय ‘प्रयोगशील माहितीपट’. तो वाचून जे घरीच थांबले, त्यांच्यावर माझा राग नाही. (हशा) ३ मे १९१३, कॉरोनेशन थिएटर, ‘राजा हरिश्चंद्र’, हे पोरांनाही पाठ आहे, सोडून देऊ. माझा हट्ट एवढाच की दादासाहेब फाळक्यांचा खरा पहिला सिनेमा त्याच्या आधीचा. ‘अंकुराची वाढ’. नायक, वाटाणा.

माणूस त्र्यंबकचा, म्हणजे आपली गोदावरी निघते तिथला. जे.जे.त चित्रकला, बडोद्याच्या कलाभवनात फोटोग्राफी, मग छपाईचा धंदा. १९१२ साली लंडनहून विल्यमसन कॅमेरा आणला, पण सिनेमाला पैसा कोण देणार? त्यानं कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा रोखला आणि महिन्याहून जास्त दिवस एकेक चित्र टिपत राहिला. पडद्यावर मिनिटभरात कोंब फुटून वेल चढली. ते बघून नाडकर्णी-देवधरांसारख्यांनी, चुकलो, देवहऱ्यांसारख्यांनी कर्ज देऊ केलं.

आता पुस्तकांत लिहितात, ‘रोज एक चित्र’. अहो, तेव्हा सेकंदाला साधारण १६ चित्रं लागत. महिन्याची तीस म्हणजे दोन सेकंद! मिनिटाला ९६० हवीत, रोजची बत्तीस. गुरुजी, गणित बरोबर? (मागून: ‘बरोबर!’) म्हणजे हा गडी दिवसभर कुंडीपाशी ठाण मांडूनच असणार. आणि सिनेमे बघून बघून आधी एकदा डोळे गेलेले, उपचारानं परत आलेले!

मी करून पाहिलं. हिवाळ्यात, दह्याच्या डब्यात. मोबाइल सुतळीनं खिडकीच्या गजाला बांधला. माती तडकली, पण कोंब ताठ येत नाही हो. मान खाली घालून, आधी पाठ वर काढतो, ओझं उचलणाऱ्या हमालासारखा. सहाव्या दिवशी सौभाग्यवतींनी मोबाइल सोडला, भावाचा फोन यायचा होता. परत बांधला तो बोटभर सरकून. पडद्यावर वेल टुणकन उडी मारते! (हशा) आणि फाळक्यांच्या पत्नी सरस्वतीबाई रात्री अंधारात कोऱ्या फिल्मला भोकं पाडून देत. असो, मला आज घरी जायचंय.

कोण म्हणालं, ‘यात गोष्ट कुठाय’? दादा, कपाशी लावल्यावर तुम्ही रोज सकाळी वावरात वाकून बघता, कुठं उगवली, कुठं नांग्या पडल्या. तेव्हा गोष्ट मागता का? मग मलाच का मागता?

चिठ्ठी आली, ‘दोन मिनिटे’. पंढरपुरात जन्मलेल्या चित्रकार हुसेनांचा निवेदनाशिवायचा ‘थ्रू द आइज ऑफ अ पेंटर’, १९६७चं बर्लिनचं सुवर्ण अस्वल. तय्यब मेहतांनी वांद्र्याच्या कत्तलखान्यात टिपलेला ‘कूदल’. खरं व्याख्यान त्यांच्यावरच होतं. राहिलं.

काका विचारतायत, डब्यातल्या वाटाण्याचं काय झालं? दोन शेंगा धरल्या. नातवानं कच्च्याच खाल्ल्या. मोबाइल तेव्हा चार्जिंगला होता.