चरख्याजवळची शाळा

(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



मला बोलायला सांगितले तेव्हा पुष्कळजणींना वाटले असेल की ही बाई लोणच्या-पापडांवर बोलणार. पण संक्रांतीच्या हळदीकुंकवाला आपल्यात जो वाद झाला, तो माझ्या मनातून गेला नाही. युक्रेनच्या लढाईची गोष्ट निघाली होती. आपल्यातल्या एक वडीलधाऱ्या ताई म्हणाल्या, "शेजारी बलाढ्य असला तर लहानाने जुळवून घ्यावे. त्यात कमीपणा कसला?" मला तेव्हा उत्तर देता आले नाही. माझे शिक्षण सातवीपर्यंतचे. घरी भांडी घासताना मात्र उत्तरे सुचत राहिली. मग वाचनालयातून पुस्तके आणली, अडले ते मुलीला विचारले, आणि त्या वाचनात एक देश सापडला. त्याचे नाव लिथुआनिया. बाल्टिक समुद्राच्या काठी, रशियाच्या शेजारी. आज त्याची सारी लोकसंख्या तीस लाखांच्या आतबाहेर, म्हणजे आपल्या मुंबईच्या एका कोपऱ्यात मावेल एवढी.

आधीच सांगते, रशियन माणसांविषयी माझ्या मनात आकस नाही. लहानपणी आमच्या घरी मॉस्कोहून आलेली मराठी पुस्तके होती. गुळगुळीत कागद, रंगीत चित्रे आणि किंमत अगदी थोडी. मी ती पारायणे केल्यासारखी वाचली आहेत. म्हणूनच पुढची हकीकत वाचताना मला जास्त लागली.

लिथुआनिया १७९५ साली रशियाच्या झारच्या ताब्यात गेला. १८६३ साली तिथे उठाव झाला. तो मोडून काढल्यावर सरकारने विचार केला, की माणसे मारून भागत नाही, त्यांची अक्षरे काढून घेतली पाहिजेत. लिथुआनियन भाषा रोमन लिपीत लिहितात. त्या लिपीतली पुस्तके छापायची नाहीत, आणायची नाहीत, जवळ बाळगायची नाहीत, असा हुकूम १८६५ पर्यंत सगळीकडे लागू झाला. शाळा रशियन झाल्या. तुमच्याच भाषेची पुस्तके आम्ही रशियन लिपीत छापून देतो, असेही सरकार म्हणाले. लोकांनी ती हातात घेतली नाहीत. ही बंदी चाळीस वर्षे चालली. चाळीस वर्षे म्हणजे आजी, आई आणि नात, सगळ्या तिच्यात आल्या.

मग त्यांनी काय केले? पलीकडे जर्मनीच्या हद्दीत तिल्झे नावाचे गाव होते. वलान्चुस नावाच्या एका बिशपांनी पुढाकार घेऊन त्या बाजूला छपाईची सोय लावली. प्रार्थनेची पुस्तके, पंचांगे, मुलांची अंकलिपी, सगळे तिकडे छापायचे आणि रात्री सरहद्द ओलांडून आणायचे. गवताच्या गाडीतून, पोत्यातून, भिकाऱ्याच्या झोळीतून पुस्तके येत. पकडला गेला तर तुरुंग किंवा सैबेरिया, आणि पळाला तर पाठीत गोळी. ह्या लोकांना तिकडे "पुस्तके वाहणारे" असेच नाव आहे. त्यांच्यातला युर्गिस ब्येलिनिस हा शेतकऱ्याचा मुलगा कितीदा तरी पकडला गेला आणि निसटला. त्याचा जन्मदिवस १६ मार्च. तो देश अजून त्या दिवशी पुस्तके वाहणाऱ्यांची आठवण करतो.

पण भगिनींनो, पुस्तक घरात आले म्हणून मूल वाचायला शिकत नाही. ते काम आयांनी केले. आई चरख्यावर सूत काढीत बसायची आणि शेजारी मूल पुस्तक उघडून बसायचे. चुकले की आई कातता कातताच सांगायची. बाहेर पाऊल वाजले की पुस्तक दडवायचे. आपल्याला चरखा म्हटले की गांधीजी आठवतात. तिकडच्या माणसाला चरखा म्हटले की आईची शाळा आठवत असेल. मीही माझ्या मुलांना ओट्याशी उभी राहून पाढे घोकून घेतले आहेत, तुम्हीही घेतले असतील. आपल्याला पोलिसाची भीती नव्हती एवढेच.

गांधीजींचे नाव आले म्हणून थोडे आडवाटेने जाते. दक्षिण आफ्रिकेत १९१० साली त्यांना टॉलस्टॉय फार्मसाठी अकराशे एकर जमीन वापरायला देणारे मित्र कॅलनबाख यांचे बालपण रुस्ने नावाच्या गावी गेले. हे गाव तेव्हा जर्मनीत होते आणि ह्याच सरहद्दीजवळचे. आज ते लिथुआनियात आहे, आणि तिथे २०१५ साली दोघा मित्रांचा पुतळा उभारला आहे. त्या फार्मला नाव दिले होते ते मात्र एका रशियन माणसाचे. तेव्हा राज्यकर्ते वेगळे आणि माणसे वेगळी, हे मी उगीच म्हणत नाही.

त्याच बंदीच्या काळात झेमाइते ह्या टोपणनावाने लिहिणारी एक बाई झाली. शेतकऱ्याची बायको, घरात मुलेबाळे आणि गरिबी. तिची पहिली गोष्ट १८९४ साली छापली गेली तेव्हा तिचे वय एकोणपन्नास होते. हे वाचून मी पुस्तक मिटले आणि थोडा वेळ नुसती बसून राहिले.

१९०४ साली झारनेच बंदी उठवली. १९१८ साली देश स्वतंत्र झाला.

आता ताईंच्या प्रश्नाकडे येते. लिथुआनियाने जुळवून घेऊन पाहिले की नाही? पाहिले. ऑगस्ट १९३९ मध्ये हिटलर आणि स्टालिन ह्यांनी आपसात गुप्त करार करून मधली राष्ट्रे वाटून घ्यायला सुरुवात केली. ऑक्टोबरात रशियाने लिथुआनियाला मैत्रीचा करार पुढे केला: आमचे वीस हजारांपर्यंत सैन्य तुमच्याकडे ठेवू द्या, त्याच्या बदल्यात विल्नियस शहर घ्या. लहान देशाने सही केली, सैन्याला जागा दिली. पुरते वर्षही झाले नाही. १४ जून १९४० च्या रात्री निर्वाणीचा खलिता आला, आणि उत्तराची मुदत दुसऱ्या दिवशी सकाळी दहापर्यंत! सरकारने मान्य केले. म्हणजे पुन्हा वाकले. जुलैत निवडणूक झाली, तिच्यात उमेदवारांची यादी एकच. ऑगस्टात देश नकाशावरून गेला.

बरोबर एका वर्षाने, १४ जून १९४१ ला, घराघरांतून माणसे उचलून गाड्यांत भरायला सुरुवात झाली. थोड्याच दिवसांत एकट्या लिथुआनियातून सुमारे सतरा हजार माणसे नेली. पुरुषांना बहुधा वेगळे काढले. त्यात दालिया ग्रिन्केविच्यूते नावाची चौदा वर्षांची मुलगी आई आणि भावाबरोबर होती. वडील दुसरीकडे नेले, ते छावणीतच वारले. ह्या तिघांना पुढे उत्तरेला लाप्तेव समुद्राकाठी नेऊन टाकले. बर्फ, उपासमार आणि मासळीचे काम. १९४९ साली दालिया आईला घेऊन पळाली. आईला आपल्या मातीत मरायचे होते. १९५० साली ती कौनास शहरात वारली. पण ती चोरून राहत होती, तिचे मरण तरी उघड कसे करणार? मुलीने घराच्या तळघरात स्वतःच्या हाताने खड्डा खणून आईला पुरले.

मग दालियाने जे भोगले ते सारे कागदांवर लिहिले, ते कागद काचेच्या बरणीत भरले आणि बरणी बागेत पुरली. त्यानंतर तिला पुन्हा पकडून नेले. सुटून आल्यावर तिने बरणी शोधली, सापडली नाही. ती डॉक्टर झाली, पुढे आठवून आठवून सगळे पुन्हा लिहिले, आणि १९८७ साली वारली. १९९१ साली बागेतले एक फुलझाड हलवताना ती बरणी हाती लागली.

स्वातंत्र्य परत कसे मिळाले ते तुम्ही वर्तमानपत्रात वाचले असेल, म्हणून लांबवत नाही. २३ ऑगस्ट १९८९ ला तीन बाल्टिक देशांतली सुमारे वीस लाख माणसे हातात हात घालून सहाशे किलोमीटर उभी राहिली. १९९० साली लिथुआनियाने स्वातंत्र्य जाहीर केले. १३ जानेवारी १९९१ ला विल्नियसच्या दूरदर्शन मनोऱ्याभोवती निःशस्त्र माणसांवर रणगाडे आले, त्या हल्ल्यात चौदाजण गेले. त्यात एकच बाई होती, लोरेता, वय तेवीस.

युक्रेनची भाषाही झारने १८६३ आणि १८७६ च्या हुकुमांनी छापायची बंद केली होती. २०२१ साली रशियाच्या राष्ट्राध्यक्षांनी लेख लिहिला, की रशियन आणि युक्रेनियन हे एकच लोक. पुढच्याच फेब्रुवारीत सैन्य आत घुसले. ताई, जुळवून घेणे आपल्याला कुणी शिकवायला नको, सासरी येऊन आपण दुसरे काय केले? पण जुळवून घेताना समोरच्याने आपल्याला निदान माणूस मानावे लागते. तू वेगळी नाहीसच असे जो म्हणतो, त्याच्याशी जुळवायचे ते काय, हे मला अजून कळलेले नाही. तुम्हाला कळले असेल तर चहाच्या वेळी सांगा. मी ऐकीन.

एक सांगायचे राहिले. रिम्शा नावाच्या शिल्पकाराने १९०६ साली त्या चरख्यावरच्या आईची मूर्ती घडवली. नाव दिले "हलाखीची शाळा". स्वातंत्र्यानंतर लिथुआनियाने स्वतःच्या नोटा छापल्या, तेव्हा पाचाच्या नोटेवर ही आई आणि मूल होते, आणि एकाच्या नोटेवर डोक्याला रुमाल बांधलेली झेमाइते. २०१५ पासून तिथे युरो चालतो, ह्या नोटा बंद झाल्या. मुलीने मला पाचाच्या नोटेचे चित्र मोठे करून दाखवले. आईचा हात चरख्यावर आहे आणि मूल पुस्तकात डोके घालून बसले आहे.