पुकाऱ्यानंतरचे तीस दिवस

मंडळी, कोर्टात दोन तऱ्हांनी हरता येतं. पुरावा कमी पडला म्हणून, नाहीतर पुकारा झाला तेव्हा कोणीच हजर नव्हतं म्हणून. आज बोलायचं ते या दुसऱ्या तऱ्हेबद्दल. इस्लापूरहून तारखेसाठी किनवट गाठणाऱ्याला सांगायला नको की पेरणीचा दिवस आणि कोर्टाची तारीख एकमेकांना विचारून येत नाहीत.

१९०८च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतला नववा आदेश याच विषयावर आहे. वादी-प्रतिवादी दोघेही आले नाहीत आणि दावा काढून टाकला, तर मुदत शिल्लक असेपर्यंत नवा दावा लावता येतो. पण प्रतिवादी हजर आणि वादी गायब असेल, तर त्याच कारणावरून नवा दावा नाही. मग एकच वाट उरते, तोच दावा पुन्हा फाईलवर घ्या असा अर्ज. त्याला मुदत तीस दिवस, आणि ती दावा निघाल्याच्या तारखेपासून मोजतात. तुम्हाला कळल्यापासून नव्हे! उशीर झालाच तर तो माफ करा असा वेगळा अर्ज द्यावा लागतो, आणि त्यात कारण पटवावं लागतं. दवाखान्याचा कागद, पैनगंगेच्या पुरानं रस्ता बंद होता याचा दाखला, असलं काही हातात असलेलं बरं. ‘अडचण होती’ एवढ्यावर भागत नाही.

आणि वकीलच गेला नाही तर? १९८१ साली रफिक विरुद्ध मुन्शीलाल या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं खेड्यातल्या पक्षकाराची बाजू घेतली. वकील नेमला, फी दिली, त्यानं आणखी काय करायचं होतं? अपील पुन्हा सुनावणीला पाठवलं आणि खर्चाचे दोनशे रुपये गैरहजर वकिलाकडून वसूल करायला सांगितले. पण हा निकाल खिशात घालून निर्धास्त झोपू नका. १९९३ साली सलिल दत्ता खटल्यात याच न्यायालयानं कलकत्त्याच्या एका कंपनीला ही सवलत नाकारली. वकिलावर बोट दाखवलं की प्रत्येक वेळी सुटका, असा काही नियम नाही.

माझं स्पष्ट मत आहे, कोणी येत नसताना फाईल वर्षानुवर्षं धरून ठेवणं कोर्टाला शक्य नाही. दोष बहुतेकदा तारीख पक्षकारापर्यंत न पोचण्यात असतो. पुढची तारीख अशिलाला कळवणं हे वकिलाचं काम आहे, मेहेरबानी नव्हे. (सभागृहात आमचे काही व्यवसायबंधू बसलेत, त्यांनी रागावू नये.)

तेव्हा आपल्या खटल्याचा सोळा अंक-अक्षरांचा सीएनआर क्रमांक वकिलाकडून आजच मागून घ्या. ई-कोर्ट्सच्या ॲपवर तो टाकला की पुढची तारीख दिसते. घरातलं शाळकरी पोरही पाहून सांगेल. वकील परवडत नसेल तर १९८७च्या विधी सेवा कायद्याचं बारावं कलम आहे. स्त्रिया, अनुसूचित जाती आणि जमातीची माणसं यांना उत्पन्न न विचारता मोफत वकील मिळतो, आणि किनवट तालुक्यात असे हक्कदार घरोघरी आहेत. फोन लावायचा क्रमांक १५१००.