अली नांवाचीं माणसें



महाराष्ट्राच्या नकाशांत आष्टी हें गांव शोधावयास बसलें, तर एक नव्हे, चार-पांच सांपडतात. बीड जिल्ह्यांत एक आहे. वर्धा जिल्ह्यांतील आष्टी १९४२ च्या ऑगस्टमधील हुतात्म्यांमुळें सर्वांस ठाऊक आहे. सोलापुराकडील आष्टीजवळ २० फेब्रुवारी १८१८ रोजीं बापू गोखले धारातीर्थीं पडले. गडचिरोलीकडेहि एक आहे. मी आज ज्या आष्टीचें नांव घेणार आहें ती या सर्वांहून निराळी, गोदावरीच्या उत्तरेस, परतूर तालुक्यांतील. १९४८ पर्यंत ती निजामाच्या अंमलाखालीं होती. पुढें १ मे १९८१ रोजीं जालना जिल्हा निर्माण झाला, तेव्हां परतूर तालुका परभणी जिल्ह्यांतून निघाला आणि त्याच्याबरोबर हीहि नव्या जिल्ह्यांत आली.

गांवांच्या बाबतींत आपण सावध असतों. जिल्हा विचारल्यावांचून पत्ता पुरा झाला असें मानीत नाहीं. माणसांच्या बाबतींत मात्र ही सावधगिरी कोठें जाते कोण जाणे. एखाद्याचें नांव अली आहे एवढें कळलें, कीं तो काय खात असेल, काय बोलत असेल, कोणाच्या बाजूचा असेल, हें सारें त्यानें दारांत पाऊल टाकण्यापूर्वींच ठरून जातें. कित्येक ठिकाणीं तर त्यानें तें पाऊल टाकूंच नये असेंहि ठरतें. आष्टीसारख्या गांवाहून शिकावयास किंवा नोकरीस शहरांत आलेल्या आणि भाड्याची खोली शोधीत फिरणाऱ्या त्या नांवाच्या तरुणाला याचा अनुभव विचारून पाहावा. म्हणून आज हें एकच नांव हातीं धरून, त्या नांवाचा पुरुष ज्यांच्या मध्यभागीं उभा आहे अशा कांहीं पुस्तकांची ओळख आपणांस करून द्यावी असें योजिलें आहे.

नांवाचा अर्थ उच्च, श्रेष्ठ. पैगंबरांचे जांवई आणि चौथे खलीफा हजरत अली यांच्यावरून तें सर्व मुसलमानी जगांत पसरलें. मराठवाड्याच्या खेड्यांतून मोहरमच्या सवाऱ्या निघतात त्या त्यांच्याच पुत्रांच्या स्मरणार्थ, आणि त्या सवाऱ्यांपुढें नवस बोलणारीं हिंदु घरेंहि थोडीं नाहींत. शेवटच्या निजामाच्या, मीर उस्मान अली खानाच्या, नांवांतहि अली होताच. इतकेंच काय, आपलें अलिबाग अली नांवाच्या एका धनिकाच्या बागेवरून प्रसिद्धीस आलें असें सांगतात. आणि मौज अशी, कीं तो अली मुसलमान होता कीं बेने-इस्राएल, यावर सांगणाऱ्यांचें एकमत नाहीं.

आपल्या सर्वांत जवळचा, आणि तरीहि सर्वांत अपरिचित असा ग्रंथ म्हणजे 'अलीनामा'. विजापूरच्या दरबारचा कवि नुसरती यानें तो १६६५ च्या सुमारास रचिला. त्याचा नायक दुसरा अली आदिलशहा, जो १६५६ त गादीवर आला आणि १६७२ त वारला. स्वतः हा बादशहा 'शाही' या नांवानें कविता करीत असे. विजापुरास बारा कमान म्हणून जी अर्धवट राहिलेली इमारत आहे, छप्पर नसलेल्या दगडी कमानींची, ती त्याचीच कबर होय.

या अलीला आपण चांगले ओळखतों, परंतु पाठीमागून. अफझलखान ज्याच्या दरबारांतून निघाला, सिद्दी जौहरानें ज्याच्या हुकुमानें पन्हाळ्यास वेढा घातला, तो हा अली. १६६० त शिवाजी महाराज पन्हाळ्याहून निसटले, हें आपल्या मुलांना तोंडपाठ असतें. त्या रात्रीनंतर विजापुरांत काय झालें, सिद्दी जौहरावर फितुरीचा संशय घेऊन बादशहा स्वतः कसा बाहेर पडला, हें जाणून घ्यावयाचें तर नुसरतीकडे जावें लागतें. मिर्झा राजा जयसिंगाच्या मोगल फौजेशीं झालेला झगडाहि त्यांत आहे. ग्रंथ दरबारी आहे हें विसरून चालणार नाहीं. धन्याची स्तुति आणि शत्रूची निंदा हा त्याचा धर्मच. त्यांतील शिवाजी महाराजांचें चित्र मराठी माणसाला रुचणारें नाहीं. पण शत्रूच्या घरांत बसून लिहिलेला, समकालीन माणसाचा लेख म्हणूनच त्याची किंमत आहे. आपल्या बखरींपैकीं बहुतेक पुष्कळ उशिरां लिहिलेल्या आहेत. त्यांच्याशेजारीं हा ग्रंथ ठेवून पाहावयास नको काय?

याहून महत्त्वाची गोष्ट त्याच्या भाषेची. 'अलीनामा' फारसींत नाहीं, दक्खिनींत आहे. मराठवाड्यांतील कोणत्याहि आठवडे बाजारांत मुसलमान विक्रेत्याच्या तोंडीं जो 'नक्को' ऐकूं येतो तो आपल्या 'नको'चाच भाऊ. जोर देण्यासाठीं शब्दाच्या शेंपटीला जोडलेला मराठी 'च'हि त्या बोलींत सांपडतो. म्हणजे हें महाकाव्य अशा भाषेंत आहे, कीं जिचे शब्द आष्टीच्या बाजारांतल्या मराठी माणसाच्या कानावर रोज पडतात. पण लिपी फारसी वळणाची असल्यानें मराठी वाचकाला तें बंद, आणि शाळेंत पुस्तकी उर्दू शिकलेल्या मुलाला तें गांवठी वाटावें असें. मौलवी अब्दुल हक यांनीं नुसरतीवर ग्रंथ लिहिला. त्यांच्या अंजुमन तरक्की-ए-उर्दूचें कार्यालय अनेक वर्षें औरंगाबादेस, म्हणजे आतांच्या छत्रपति संभाजीनगरांत, होतें. आष्टीहून तें कांहीं दूर नव्हे. मराठी घरांतील कपाटांत मात्र हा ग्रंथ दिसत नाहीं, आणि याचें कारण केवळ लिपी हें नसावें असें मला वाटतें.

जो अली जगभर गेला तो दुसराच. फिलिप मेडोज टेलर हा इंग्रज पंधराव्या वर्षीं मुंबईस आला, निजामाच्या नोकरींत शिरला, आणि १८३९ त त्यानें लंडनहून 'कन्फेशन्स ऑफ अ ठग' ही कादंबरी प्रसिद्ध केली. तिचा नायक अमीर अली. तो माफीचा साक्षीदार होऊन एका साहेबापुढें आपली कहाणी सांगत बसला आहे. सातशें एकोणीस माणसें मारल्याचें तो कबूल करितो, आणि तुरुंगांत वर्षें गेलीं नसतीं तर हजार भरले असते अशी हळहळहि व्यक्त करितो! उमरावती, हैदराबाद, त्यांमधील वाटा, धर्मशाळा, आंबराया, सारा आपलाच मुलूख. रुमालाचा फांस, पवित्र मानलेली कुदळ, शकुन-अपशकुन आणि भवानीची उपासना. ठगांच्या टोळींत हिंदूहि असत व मुसलमानहि, आणि देवी दोघांची एकच. व्हिक्टोरिया राणीनें ही कादंबरी छापून व्हावयाच्या आधींच मोठ्या उत्सुकतेनें वाचली असें सांगतात.

कादंबरी म्हणून ती उत्तम आहे, हें मोकळ्या मनानें सांगितलें पाहिजे. अमीर अली हा राक्षस नाहीं. तो बोलका, रुबाबदार, मुलीवर जीव लावणारा गृहस्थ आहे. ज्यानें त्याला मुलगा म्हणून वाढविलें त्यानेंच त्याच्या आईबापांचे गळे आवळले होते, आणि पुढें नकळत त्याच्या हातून स्वतःच्या बहिणीचाहि घात होतो. टेलरनें पुढें नळदुर्गाच्या बाजूस कारभार पाहिला आणि रयतेचें प्रेम मिळविलें. त्याचा हेतु हलका नव्हता. परंतु परिणाम काय झाला? दक्षिणेंतील वाटसरू म्हणजे ठग आणि इंग्रजी कंपनी म्हणजे त्राता, ही समजूत युरोपांत पक्की झाली. अलीकडच्या अभ्यासकांनीं ठगीच्या सरकारी दप्तरांकडे संशयानें पाहावयास आरंभ केला आहे. साक्षीदाराला फांशी चुकवावयाची आणि अधिकाऱ्याला कामगिरी दाखवावयाची, अशा दोन गरजांतून ते जबाब तयार झाले, हें त्यांचें म्हणणें उडवून लावण्याजोगें नाहीं.

अलीबाबाविषयीं फार बोलावयास नको. कृष्णशास्त्री चिपळूणकरांनीं १८६१ त अरबी भाषेंतील सुरस व चमत्कारिक गोष्टी मराठींत आणावयास घेतल्या, तेव्हांपासून त्या बाजूच्या कथांची गोडी आपल्या घरांत आहे. पण अलीबाबाची गोष्ट अरबीच्या जुन्या हस्तलिखितांत मुळींच नाहीं. हलब शहरच्या हन्ना दियाब नांवाच्या ख्रिस्ती तरुणानें ती १७०९ त पॅरिसांत गालां या फ्रेंच पंडिताला तोंडीं सांगितली आणि त्यानें ती आपल्या ग्रंथांत घातली. शिवाय तिळाच्या नांवानें उघडणाऱ्या त्या गुहेच्या गोष्टींत अलीबाबा करतो तरी काय? चाळीस चोरांचा निकाल लावणारी आहे ती मरजाना नांवाची दासी. गोष्टीला नांव मात्र मालकाचें!

आणखी दोन अली केवळ उल्लेखून पुढें जातों. 'अली उंड नीनो' ही जर्मन कादंबरी १९३७ त व्हिएन्नास निघाली. तींतील अली खान बाकू शहरचा, त्याची प्रिया जॉर्जियाची ख्रिस्ती. शेवटीं तो आपल्या लहानशा प्रजासत्ताकासाठीं लढतांना मरतो. दुसरा मुष्टियोद्धा महंमद अली, ज्याचें 'द ग्रेटेस्ट' हें आत्मवृत्त १९७५ चें. इतरांना हें नांव आईबापांनीं दिलें. यानें १९६४ त जुनें नांव टाकून तें आपण होऊन घेतलें, आणि कित्येक वर्तमानपत्रें पुढें बराच काळ त्याला जुन्याच नांवानें हांक मारीत राहिलीं.

आतां आपल्या मुंबईचे सलीम अली. त्यांचें आत्मचरित्र 'दि फॉल ऑफ अ स्पॅरो' १९८५ त आलें, तेव्हां ते नव्वदीच्या घरांत होते. लहानपणींच आईबाप गेलेले. खेतवाडींत मामा अमिरुद्दीन तय्यबजी यांच्या घरीं वाढले. छऱ्याच्या बंदुकीनें पाडलेल्या एका चिमणीच्या गळ्यावर पिवळा डाग दिसला. मामांना तिची जात सांगतां येईना, म्हणून त्यांनीं मुलाला चिठ्ठी देऊन बाँबे नॅचरल हिस्टरी सोसायटीचे चिटणीस मिलर्ड यांच्याकडे पाठविलें. मिलर्डनीं त्याला पेंढा भरलेल्या पक्ष्यांचे कप्पेच्या कप्पे उघडून दाखविले. ग्रंथाचें नांव त्या चिमणीवरून आहे.

पदवी नाहीं म्हणून सरकारी जागा मिळाली नाहीं. बर्लिनला शिकून परत आले तों मुंबईच्या संग्रहालयांतील नोकरीहि उरली नव्हती. तेव्हां अलिबागजवळ किहीमला राहून त्यांनीं सुगरण पक्ष्याच्या घरट्यांचा अभ्यास केला. नर एकामागून एक घरटीं विणतो आणि पसंत पडलेल्या घरट्यांत माद्या येऊन राहतात, हा त्या पक्ष्याचा संसार त्यांनीं बारकाईनें उलगडून दाखविला. आणि १९३१ त त्यांनीं निजाम सरकारला कळविलें, कीं पगार नको, खर्च तेवढा द्या, मी तुमच्या राज्यांतील पक्ष्यांची पाहणी करून देतों. ती हैदराबाद राज्याची पाहणी त्यांच्या अशा कामांतील पहिली. पत्नी तेहमीना तंबूंतील बिऱ्हाड संभाळीत त्यांच्याबरोबर हिंडत असे. आष्टी त्या वेळीं त्याच राज्यांत होती.

हें आत्मचरित्र मिस्किल आहे, स्वतःची थोरवी सांगण्याचा सोस त्यांत नाहीं. ज्यांना या सर्वांतून एकच पुस्तक निवडावयाचें असेल त्यांनीं येथून आरंभ करावा. टेलर मागाहून वाचला तरी चालेल. 'अलीनामा' वाचूं इच्छिणाऱ्या मराठी वाचकाला मात्र आधीं लिपी शिकणें भाग आहे. जो मराठी व हिंदी जाणतो त्याला ती आत्मसात करावयास फार काळ लागत नाहीं, आणि शिकविणारा शेजारच्या आळींत सांपडेल.